कोजागिरीच्या सिनेमावरून निघालेला विषय: अमृता सुभाष

सेक्रेटरी काका: मंडळी, कोजागिरीला गच्चीवर पडदा लावतोय. पाऊस आलाच तर खाली पार्किंगमध्ये. सिनेमा सुचवा. दुधाची वर्गणी वॉचमनकडे द्यावी.

बी-३०२ ताई: ‘किल्ला’ लावा काका. अविनाश अरुणनं दिग्दर्शित केलेला. गुहागरकडचं शूटिंग आहे, आपलाच पाऊस नि आपलाच समुद्र. बर्लिनच्या महोत्सवात मुलांच्या ज्युरीनं निवडलेला, शिवाय राष्ट्रीय पुरस्कारही आहे.

ए-१०१ काकी: त्यातली आई म्हणजे अमृता सुभाष, ‘अवघाचि संसार’ मालिकेतली आसावरी ना गो? गुणी मुलगी. नंतर कुठे दिसली नाही.

बी-३०२ ताई: काकी, नंतरच तर खरं काम दिसलं. ‘रमन राघव २.०’ आला २०१६ मध्ये. त्यात ती खुन्याची बहीण आहे. खुनी झालेला नवाजुद्दीन बऱ्याच काळानं तिच्या दारात उभा राहतो. तिथे त्यानं अजून काहीच केलेलं नसतं, पण तिच्या चेहऱ्यावर सगळं येऊन जातं. लहानपणी त्या घरात काय घडलं असेल ते तिच्या डोळ्यांवरून कळतं. सिनेमात तिला मोजकाच वेळ आहे, पण मला आजही तोच भाग आधी आठवतो.

सी-४०४ दादा: मान्य. पण ताई, शेवटी दुय्यम भूमिकाच ना? बहीण, आई, शेजारीण. इतकी एनएसडीत, म्हणजे दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकलेली बाई, हिरोइन कधी होणार?

बी-३०२ ताई: दादा, थ्रिलरमध्ये ‘दुय्यम’ हा हिशेब मला पटतच नाही. खुनी कितीही भारी नट असला, तरी समोरचं माणूस खरं घाबरलं नाही तर आपण कशाला घाबरू? ती भीती पेलायला अशीच नटी लागते. आता पुढचं बघा. ‘सेक्रेड गेम्स’ या वेबसीरिजचा दुसरा सीझन, २०१९. समोर पुन्हा नवाजुद्दीनच, गँगस्टर गायतोंडे म्हणून. पण इथे ती रॉ या गुप्तचर संस्थेची अधिकारी, कुसुमदेवी यादव, आणि गायतोंडेची दोरी हिच्या हातात. तीन वर्षांपूर्वी ज्याच्यापुढे थरथरत होती, त्यालाच आता कामाला लावते! आवाज चढवत नाही, साधीच दिसणारी बाई. हे दोन्ही लागोपाठ बघा, मग सांगा कोण दुय्यम.

ए-२०३ वहिनी: आणि ‘गली बॉय’ त्याच वर्षीचा. रणवीरची आई झाली होती. त्याच्याहून सहाच वर्षांनी मोठी आहे म्हणे! फिल्मफेअर मिळालं त्याचं, सहाय्यक अभिनेत्रीचं. आजी झालेल्या ज्योती सुभाष तर तिच्या खऱ्या आई.

सी-४०४ दादा: हे माहीत नव्हतं. पण वयाआधीच आईच्या भूमिका देतात, ते मला खटकतं.

बी-३०२ ताई: ते मलाही खटकतं, दादा. तिच्या वयाच्या नटांना कोणी बाप करत नाही. म्हणूनच ‘चोक्ड’ सिनेमातल्या तिच्या शर्वरीताईचं मोल वाटतं. मुलीचं लग्न तोंडावर आणि रात्रीत नोटा बंद! ती कोलमडते तेव्हा कथेतला सगळा ताण एका शेजारणीच्या अंगातून बाहेर पडतो. त्याआधी ‘अस्तु’ सिनेमातली माहुताची बायको, चन्नम्मा. स्मृती हरवलेल्या म्हाताऱ्या प्राध्यापकाला ती लेकरासारखी जवळ करते. २०१३ चा राष्ट्रीय पुरस्कार त्याच कामाला, तोही सहाय्यक म्हणूनच.

ए-१०१ काकी: मग तो रमन राघवच लावूया का गच्चीवर?

बी-३०२ ताई: नको हो काकी! ‘ए’ सर्टिफिकेट आहे त्याला, आणि गच्चीवर पोरंच जास्त.

सेक्रेटरी काका: पंप चालू केलाय, नळ तपासा. सिनेमा ‘किल्ला’ पक्का.

बी-३०२ ताई: काका, आवाज मात्र नीट लावा. ‘किल्ल्या’त आई फार कमी बोलते. नवरा गेलेला, बदलीचं गाव, ऑफिसात दबाव आणि घरी रुसलेला मुलगा. मागे पाऊस वाजत असतो आणि ती गप्प असते, ते ऐकू यायला हवं.

सेक्रेटरी काका: पुतण्याकडून मोठे स्पीकर आणतो. दहाच्या आत संपवायचं मात्र.

ए-१०१ काकी: आणि ती पोलिसबाई का कोण झाल्ये ते मला घरी टीव्हीवर लावून द्या कोणीतरी.

सी-४०४ दादा: उद्या संध्याकाळी येतो काकी. शिव्या आहेत हां बऱ्याच.

ए-१०१ काकी: असूदेत. बंदरावर वाढल्ये मी.

बी-३०२ ताई: दादा, काकींना पहिला सीझनही दाखवा, नाहीतर गायतोंडे कोण ते कळायचं नाही. ती दुसऱ्यातच आहे.