करार झाल्यावर हॉल बदलला : मदत हवी आहे

नमस्कार मंडळी,

धाकट्या बहिणीचं लग्न तोंडावर आलंय आणि ज्यांच्याकडे हॉल बुक केला त्यांनी जागाच बदलली आहे. करारावर सह्या झाल्यात, ॲडव्हान्स दिलाय, पत्रिका निम्म्या वाटून झाल्यात. ज्यांच्यावर असा प्रसंग आलाय किंवा ज्यांना करारातलं कळतं, त्यांनी कृपया सविस्तर लिहा. वकिलांना भेटणारच आहोत, पण त्याआधी आपण नेमकं काय मागायचं हे घरात ठरायला हवं.

आम्ही तळमजल्यावरचा मोठा हॉल घेतला होता. करारात हॉलचं नाव, मजला, तारीख, वेळ सगळं लिहिलेलं आहे. मॅनेजरांचा फोन आला की त्या हॉलच्या छताचं काम काढलंय, ते वेळेत होणार नाही, म्हणून त्याच आवारातला वरच्या मजल्यावरचा हॉल देतोय. भाडं तेच. "तुम्हाला काही फरक पडणार नाही, उलट वरचा एसी नवा आहे," असंही म्हणाले. मागोमाग व्हॉट्सॲपवर मेसेज आला : जागेतला बदल मान्य असल्याचं कळवावं, दोन दिवसांत उत्तर न आल्यास संमती गृहीत धरू. आम्ही अजून काहीच कळवलेलं नाही.

फरक पडतो की नाही ते बघायला मी आणि आई मेजर टेप घेऊन गेलो. आमची आजी व्हीलचेअरवर असते. तळमजल्याचा हॉल बहिणीने निवडला तो मुख्यतः आजीसाठी : दारापर्यंत रॅम्प आहे, आत एकही पायरी नाही. वरच्या हॉलला लिफ्ट आहे, पण तिचं दार इतकं अरुंद की खुर्चीचे पायठेवे काढल्याशिवाय ती आत जात नाही. आणि एकदा खुर्ची आत गेली की शेजारी दुसरं माणूस उभं राहू शकत नाही. म्हणजे ८० पार केलेल्या, नीट ऐकू न येणाऱ्या बाईला लिफ्टमध्ये एकटीला घालायचं आणि आपण जिन्याने धावत वर जायचं. लिफ्ट बंद पडली तर काय, हे विचारलं तर "चार पोरं उचलून नेतील" असं उत्तर मिळालं. हे आम्हाला मान्य नाही आणि होणारही नाही.

बाकीच्या गोष्टी यापुढे लहान, पण आहेत. वरच्या हॉलच्या एका बाजूला भिंत नसून सरकतं पार्टिशन आहे आणि पलीकडे त्याच वेळी दुसरा कार्यक्रम असू शकतो. क्षमता सारखीच सांगतात, पण ती नुसत्या खुर्च्या मांडल्या तरची. जेवणाची टेबलं लावली की बरीच माणसं कमी होतात. छत ठेंगणं असल्यामुळे डेकोरेटरने केलेली मापं फुकट गेली. स्वयंपाकघर खालीच राहणार, त्यामुळे केटरर जास्तीची माणसं लागतील म्हणतोय. ते पैसे कोणी द्यायचे?

आता कराराचं. त्यात एक कलम आहे : अपरिहार्य परिस्थितीत व्यवस्थापन तत्सम दुसरी जागा देऊ शकेल. मॅनेजरांची सगळी भिस्त याच्यावर आहे. माझा चुलतभाऊ कायदा शिकतो. त्याने १८६३ सालचा टेलर विरुद्ध कॉल्डवेल हा इंग्लंडमधला खटला सांगितला. लंडनमधलं सरे गार्डन्सचं संगीतगृह काही कार्यक्रमांसाठी भाड्याने ठरलं होतं आणि पहिल्या कार्यक्रमाआधीच ते आगीत जळालं. दोष कोणाचाच नव्हता, म्हणून कोर्टाने दोन्ही बाजूंना करारातून मोकळं केलं. आमच्या बाबतीत हॉल जागेवर उभा आहे. छताचं काम याच काळात काढायचं हे त्यांनी स्वतः ठरवलं. आग, पूर किंवा सरकारी बंदी यांच्या रांगेत हे कसं बसतं, हे मला पटलेलं नाही. शिवाय कलमाचे दोन अर्थ निघत असतील, तर ज्याने मसुदा केला त्याच्या विरुद्ध जाणारा अर्थ धरण्याकडे कल असतो म्हणे. मसुदा त्यांचाच आहे, आम्ही छापील कागदावर सही केली.

संमती गृहीत धरण्याबद्दलही त्याने एक जुनं प्रकरण काढून दिलं, फेल्टहाउस विरुद्ध बिंडली, १८६२. काकाने पुतण्याला पत्र लिहिलं की तुझ्याकडून काही कळलं नाही तर घोडा माझा झाला असं समजेन. कोर्ट म्हणालं, नुसतं गप्प राहिल्याने करार होत नाही. पण गप्प राहणं वेगळं आणि वागण्यातून होकार दिसणं वेगळं, हेही तो म्हणाला, आणि माझी खरी अडचण इथेच आहे.

पुढचा हप्ता लवकरच भरायचाय. भरला, तर "पैसे दिले म्हणजे नवी जागा मान्य केली" असं ते म्हणू शकतात. थांबवला, तर "हप्ता चुकवून करार तुम्हीच मोडला" म्हणायला मोकळे, आणि ॲडव्हान्स जप्त करायचं कलम करारात आहेच. हप्ता भरायचा, पण त्यासोबत 'मूळ करारातली जागा आम्ही सोडलेली नाही, सर्व हक्क राखून रक्कम देत आहोत' असं पत्र द्यायचं, हा मधला मार्ग मला सुचतोय. कोणी असं केलंय का? पत्रावर पोच मागितली आणि ती द्यायलाच नकार दिला, तर पुढे काय करता येतं? ईमेल पुरतो का?

आमच्या बाजूने एक भक्कम गोष्ट आहे. बुकिंगच्या आधी बहिणीने ईमेल करून रॅम्पबद्दल आणि व्हीलचेअरबद्दल विचारलं होतं, आणि "तळमजला आहे, चिंता नको" असं लेखी उत्तर आलं होतं. करार करताना जे नुकसान दोन्ही बाजूंना डोळ्यांसमोर दिसत होतं तेच भरून मागता येतं, हे तत्त्व १८५४ च्या हॅडली विरुद्ध बॅक्सेंडेल खटल्यापासून चालत आलंय. ते इथे नक्की बसतं असं मला वाटतं. केटररच्या जादा माणसांबद्दल मात्र तेवढी खात्री वाटत नाही, कारण आमचा केटरर कोण हे त्यांना तेव्हा माहीत नव्हतं. यावर जाणकारांनी बोलावं.

भांडायची हौस आम्हाला कोणालाच नाही. बहीण आधीच रडवेली झालीय, लग्नाच्या दिवशी तिने हॉलवाल्यांशी वाद घालत बसावं असं मला मुळीच वाटत नाही. छताचं काम आठवडाभर पुढे ढकलून आमचाच हॉल मिळाला तर सर्वांत उत्तम. ते नाही जमलं, तर त्याच आवारातलं तळमजल्यावरचं लॉन मंडपासह मिळावं, पुरवणी करार सह्यांनिशी व्हावा, आणि त्यात जागा, वेळ, टेबलांसकट क्षमता, पाऊस आला तर पर्यायी सोय, जनरेटर आणि भाड्यातली सूट स्पष्ट लिहिलेली असावी. तेही नको असेल, तर ठरलेल्या तारखेच्या आत पूर्ण परतावा. तोंडी आश्वासनावर आम्ही आता काही सोडणार नाही.

आणखी एक विचारायचंय. दुसरीकडे हॉल शोधायला सुरुवात केली तर आपली बाजू कमजोर होते का? भाऊ म्हणतो, उलट नुकसान कमी करण्याचा प्रयत्न आपण करायलाच हवा आणि चौकशीचे ईमेल जपून ठेवायचे. बाबांना वाटतं की ते कळलं तर हे लोक "तुम्हीच सोडून गेलात" म्हणतील. नवा हॉल महाग पडला तर वरचा फरक कोणी वसूल केलाय का?

कोणाकडे अशा पुरवणी कराराचा मसुदा असेल, तर नावं आणि आकडे खोडून इथे टाका. हप्त्याबद्दल मात्र आधी सांगा, त्याची तारीख सगळ्यांत जवळ आहे.