मूकपटातल्या केशरचना: फितींचे रंग खरे का?

सई_गिरगाव:
दादरला ब्रायडल हेअर करते. काल १९१० च्या आसपासचा एक फ्रेंच मूकपट बघितला, गोष्ट वगैरे काही नाही, बायका एकेक करून समोर येतात आणि हळूच गोल फिरून मागचा अंबाडा, लेस, भल्यामोठ्या टोप्या दाखवतात. काहींच्या केसांतल्या फिती चक्क गुलाबी, आणि मान वळवली की रंग बाहेर सांडतो! तेव्हा कलर होतं? मला एका शूटला तोच लूक करायचाय, रंग कुठले धरू?

रीळवाला:
ताई तो स्टेन्सिलचा रंग. पाथे या फ्रेंच फिल्म कंपनीचं हे काम पॅरिसजवळ चालायचं, करायच्या बहुतेक बायकाच. प्रत्येक रंगाला फिल्मची वेगळी प्रिंट, म्हणजे प्रत, तिच्यातला फितीएवढा भाग कापून काढायचा, मग ती दुसऱ्या प्रिंटवर ठेवून मखमली पट्ट्याने रंग द्यायचा, आपल्या रांगोळीच्या छाप्यासारखं. सेकंदाला १६ फ्रेम धरल्या तरी मिनिटाला ९६०, तीन रंग म्हणजे ते तीनदा, मग एखादी कड सांडणारच ना. केसांतली मूळ फीत गुलाबीच होती असं त्यावरून म्हणता येत नाही.

जुनी_फिल्म:
ब्लॅक अँड व्हाइटवरही जाऊ नका हो. तेव्हाच्या फिल्मला लाल रंग दिसायचाच नाही, लाल गुलाब काळा आणि निळी फीत पांढरीफटक. सोनेरी केससुद्धा गडद यायचे. मोबाईलवर फोटो ब्लॅक अँड व्हाइट करून लाल रंग खाली ओढा, अंदाज येईल.

सई_गिरगाव:
म्हणजे अबोली बाद, मोगरा चालेल 😄

माहीमची_काकू:
अगं फ्रेंच कशाला, आपल्या फाळक्यांचा राजा हरिश्चंद्र बघ की, १९१३ साली तुझ्या गिरगावातच कोरोनेशन थिएटरला लागला होता. तारामती झालेत अण्णा साळुंके, बाई मिळेना म्हणून हॉटेलात काम करणारा हा माणूस घेतला. मग त्याच वर्षीच्या मोहिनी भस्मासुरात दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई आल्या. पेडर रोडच्या सिनेमा म्युझियमला एक चक्कर मार.

सई_गिरगाव:
जाते काकू. पण शूट फ्रेंचच आहे, क्लायंटचा हट्ट. कपाळावरचा तो फुगा नुसत्या बॅककोंबिंगने टिकत नाही, आत भरण घालावं लागणार, वर गंगावन.

रीळवाला:
आणि टोपीच्या पिना जपून, वीतभर लांब असायच्या. ट्राममध्ये शेजारच्याला टोचतात म्हणून काही शहरांनी त्यांच्या लांबीवर कायदा केला होता. मॉडेलला विरार लोकलने आणू नका म्हणजे झालं.