चक्रम हौशी डिटेक्टिव्ह: मराठीत काय म्हणाल?

रिकामटेकडा: १९१६ चा एक मूकपट पाहिला, 'द मिस्ट्री ऑफ द लीपिंग फिश'. दोनच रिळांचा आहे. डग्लस फेअरबँक्स त्यात कोक एनीडे नावाचा डिटेक्टिव्ह झालाय, शेरलॉक होम्सची उघड उघड टिंगल. एका ग्रुपसाठी चार ओळी लिहायच्यात, पण 'विक्षिप्त हौशी गुप्तहेर' लिहिलं की माणूस फारच गंभीर वाटायला लागतो. दुसरं काय म्हणता येईल?

पाटीवाचक: विक्षिप्त नकोच. विक्षिप्त म्हणजे ज्याच्या मूडचा भरवसा नाही, घरचे जरा दबून असतात असा. हा तर सतत खिदळतोय, छातीवर काडतुसांच्या पट्ट्यासारखा इंजेक्शनांचा पट्टा, भिंतीवर घड्याळासारखी तबकडी आणि तिच्यावर आकड्यांच्या जागी खाणं, पिणं, झोप आणि नशा. सरळ चक्रम म्हणा की.

अर्धवट: तऱ्हेवाईक पण चालेल, पण ते नुसत्या सवयींपुरतं. चक्रमला +१.

शंकासूर: माझा आक्षेप गुप्तहेरला आहे. अंगात चौकड्यांचा कोट, टोपी चौकड्यांची, वर गाडीसुद्धा चौकड्यांची, यात गुप्त ते काय!! आणि तसंही हेर म्हटलं की शत्रूच्या गोटात जाऊन बातमी काढणारा डोळ्यासमोर येतो, गुन्ह्याचा तपास करणारा नाही. बोलताना आपण डिटेक्टिव्हच म्हणतो, नाहीतर "मोठा सीआयडी लागून गेलास".

रिकामटेकडा: पटलं. आणि हौशी?

शंकासूर: तेही काढा. हौशी म्हणजे हौशी नाटकवाल्यांसारखा, पोटापाण्याचा धंदा वेगळा आणि हे आवड म्हणून. याच्याकडे पोलीस स्वतः केस घेऊन येतात, समुद्रकिनारी पोहायला भाड्याने देतात त्या फुगवायच्या माशांमधून अफूची तस्करी चाललेली असते. मूकपटात मधे मधे मजकुराच्या पाट्या येतात, त्यांत तर त्याला सायंटिफिक डिटेक्टिव्ह म्हटलंय, म्हणजे तो धंदेवाईकच झाला, फक्त डोक्याने सरकलेला.

पाटीवाचक: शास्त्रीय म्हणू नका मात्र, गायला बसलाय असं वाटेल 😀

अर्धवट: नावाचं काय करणार? कोक एनीडे म्हणजे कोक केव्हाही, कुठल्याही दिवशी. इथे कोक म्हणजे कोकेन हां, बाटलीतलं नाही. 'नित्यानंद कोके' कसं वाटतं?

शंकासूर: मूळ नावच ठेवा, कंसात अर्थ द्या. आणि शेवट फोडू नका, फेअरबँक्स स्वतःच ही गोष्ट स्टुडिओत विकायला आलेला असतो आणि

रिकामटेकडा: फोडलात की हो! असो, "चक्रम डिटेक्टिव्ह कोक एनीडे" फायनल.