हाताच्या फ्रॅक्चरचे कोडिंग: ‘ओपन’, सातवे अक्षर आणि ‘चौथे बोट’

रातराणी
नमस्कार. मी पुण्यातून अमेरिकेतील अस्थिरोगतज्ज्ञांच्या चार्टचे कोडिंग करते, म्हणजे त्यांच्या टिपणांतील निदाने ठरावीक कोडमध्ये नोंदवते. फिजिओथेरपीची पदवी असल्यामुळे हाताची २७ हाडे मला नव्याने पाठ करावी लागली नाहीत, आणि बहुधा त्याच भरवशावर राहिल्यामुळे या आठवड्याच्या ऑडिटमध्ये माझ्या तीन चुका निघाल्या.

पहिल्या रुग्णाच्या उजव्या हाताच्या पाचव्या मेटाकार्पलची (करंगळीखालच्या, तळहातातील हाडाची) मान मोडून हाड सरकले होते. आपत्कालीन विभागात हाड बसवून स्प्लिंट बांधला गेला. तीन दिवसांनी अस्थिरोगतज्ज्ञांनी त्याला प्रथमच तपासले, शस्त्रक्रिया ठरवली आणि पुढच्या आठवड्यात चीर देऊन प्लेट बसवली. तज्ज्ञांच्या पहिल्या भेटीला मी एस६२.३३६डी दिला (सातवे अक्षर ‘डी’ म्हणजे नंतरची भेट), कारण या दुखण्यासाठी रुग्णाची ती दुसरी भेट होती. शस्त्रक्रियेला एस६२.३३६बी दिला (‘बी’ म्हणजे ओपन फ्रॅक्चर), कारण टिपणात ‘ओपन रिडक्शन’, म्हणजे चीर देऊन हाड बसवणे, असे स्वच्छ लिहिले होते. ऑडिटरने दोन्ही ठिकाणी शेवटचे अक्षर बदलून ‘ए’ (बंद फ्रॅक्चर, पहिली भेट) केले.

दुसऱ्या चार्टमध्ये डॉक्टरांनी ‘उजव्या हाताच्या चौथ्या बोटाच्या प्रॉक्सिमल फॅलँक्सचे फ्रॅक्चर’ एवढेच लिहिले आहे (प्रॉक्सिमल फॅलँक्स म्हणजे बोटाचे मुळाकडचे हाड). हाड सरकले की नाही, याचा उल्लेख नाही, म्हणून नियमाप्रमाणे सरकलेले धरून मी अनामिकेचा एस६२.६१४ए दिला. एक्स-रेच्या अहवालात मात्र ‘स्मॉल फिंगर’ (करंगळी) म्हटले होते, आणि ते मी नंतर पाहिले. ‘आधी डॉक्टरांना क्वेरी पाठवायला हवी होती,’ म्हणजे लेखी विचारायला हवे होते, असा शेरा आला आहे. हाड सरकले होते असे गृहीत धरायला नियमच सांगतो, मग बोट गृहीत धरले तर एवढे काय बिघडले?

मोजपट्टी
रातराणीताई, मी स्वतः ऑडिट करतो, तेव्हा पक्षपाताचा आरोप आधीच मान्य करून ठेवतो.

‘ए’ आणि ‘डी’ यांचा भेटींच्या क्रमांकाशी काहीही संबंध नाही. रुग्णावर त्या फ्रॅक्चरसाठी सक्रिय उपचार चालू आहेत, तोवर ‘ए’ राहते, मग भेट तिसरी असो वा डॉक्टर दुसरे असोत. नव्या डॉक्टरांनी तपासून उपचार ठरवणे आणि शस्त्रक्रिया करणे हे दोन्ही सक्रिय उपचारच आहेत. हाड भरून येऊ लागले की प्लास्टर बदलणे, ते कापणे, हाड जुळते आहे का हे पाहण्यासाठी पुन्हा एक्स-रे काढणे, यांना ‘डी’. मूळ इंग्रजी वर्णनात ‘पहिली भेट’ अशा अर्थाचे शब्द असल्यामुळे सगळा घोटाळा होतो, आणि नव्या माणसाला याबद्दल मी फारसा दोष देत नाही.

‘बी’ची चूक मात्र मी माफ केली नसती. ओपन फ्रॅक्चर म्हणजे जखमेतून हाडाचा बाहेरच्या जगाशी संबंध आलेला असणे. चीर सर्जनने दिली म्हणून आत बंद असलेले फ्रॅक्चर ओपन होत नाही. ‘ओपन रिडक्शन’मधला ‘ओपन’ शस्त्रक्रियेची पद्धत सांगतो आणि तो प्रक्रियेच्या कोडमध्ये जातो; निदानाच्या कोडमध्ये तो शिरला की रुग्णाच्या नावावर भलतीच गंभीर इजा नोंदली जाते.

आता चौथे बोट. फ्रॅक्चर सरकले की नाही हे लिहिलेले नसेल तर सरकलेले धरावे, उघडे की बंद हे लिहिलेले नसेल तर बंद धरावे, एवढे दोनच संकेत मार्गदर्शक नियमांत दिलेले आहेत. हे तुमचे किंवा माझे अंदाज नव्हेत. सर्वांनी एकाच बाजूला झुकावे म्हणून छापलेले ते संकेत आहेत. कोणते बोट, याबद्दल असा संकेत नाही. शरीरशास्त्रात अंगठ्यापासून मोजले तर चौथे बोट म्हणजे अनामिका, पण इंग्रजीत अंगठ्याला बहुधा ‘फिंगर’ म्हणत नाहीत आणि तर्जनीपासून मोजणाऱ्याचे चौथे बोट करंगळी होते. आपण ‘पाचही बोटे सारखी नसतात’ असे म्हणणारे लोक अंगठा धरूनच मोजतो, त्यामुळे हा फरक आपल्या चटकन लक्षात येत नाही.

त्यात कोडच्या सहाव्या अक्षराचा, म्हणजे शेवटच्या आकड्याचा, मोह आहे. उजवी तर्जनी ०, डावी १, उजवे मधले बोट २, डावे ३, उजवी अनामिका ४, डावी ५, उजवी करंगळी ६, डावी ७. म्हणजे चौथ्या बोटाला नेमका चारचा आकडा येतो, पण तो योगायोग आहे. डाव्या अनामिकेला पाच येतो, तेव्हा ही आठवणीची युक्ती कोसळते. अंगठ्याच्या कोडमध्ये तर सम म्हणजे उजवा ही चालच नाही.

अभिलेख
थोडे अवांतर, पण विषयाला धरून. मी महाराष्ट्रातील एका रुग्णालयाच्या अभिलेख विभागात काम करतो. आमच्याकडे जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० (रोग आणि इजांच्या कोडची यादी) आहे, तुमच्याकडे तिची अमेरिकी आवृत्ती, जी तिकडे १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू झाली. आमच्या एस६२.३ मध्ये ‘इतर मेटाकार्पलचे फ्रॅक्चर’ एवढ्यावर गाडी थांबते. हवे असल्यास पुढे बंद फ्रॅक्चरसाठी ० किंवा उघड्यासाठी १ लावता येतो. हात उजवा की डावा, हे तो कोड सांगतच नाही. उलट अनेक मेटाकार्पल मोडली तर आमच्याकडे एस६२.४ आणि अनेक बोटे मोडली तर एस६२.७ आहे. हे दोन्ही तुमच्या यादीत नाहीत. तिथे प्रत्येक हाडाला वेगळा कोड द्यावा लागतो. इकडून तिकडे नोकरी बदलणाऱ्यांची पहिली चूक बहुधा याच दोन ओळींवर होते.

हाडवैद्य
मी हातावर शस्त्रक्रिया करणारा डॉक्टर आहे आणि तुमच्या क्वेरींमुळे वैतागणाऱ्यांपैकीही आहे, तरी या बाबतीत ऑडिटरच्या बाजूने बोलतो. आम्ही घाईत ‘चौथे बोट’ लिहितो, तेव्हा आमच्या डोळ्यांसमोर रुग्णाचा हात असतो. तुमच्यासमोर फक्त शब्द असतो. अनामिका आणि करंगळी यांत गोंधळ राहिला, तर पुढे हाड वाकडे जुळल्याची तक्रार घेऊन आलेल्या रुग्णाची जुनी नोंद भलत्याच बोटाची निघते.

एक जागा विशेष जपा. दारात सापडून बोटाचे टोक चेंगरते, नख उचकटते, नखाखालची त्वचा फाटते आणि खालच्या डिस्टल फॅलँक्सला (बोटाच्या टोकाच्या हाडाला) तडा जातो. आमच्या दृष्टीने असे फ्रॅक्चर पुष्कळदा ओपनच असते, पण टिपणात जखम एका ओळीत आणि फ्रॅक्चर दुसऱ्या ओळीत असते, ‘ओपन’ हा शब्द कुठेच नसतो. तिथे आमच्या वतीने तुम्ही ‘बी’ लावू नका, विचारा.

रातराणी
सर्वांचे आभार. ‘बी’ची चूक मान्य आहे, आणि ती पुन्हा होणार नाही. दोन शंका उरल्या. एक्स-रेचा अहवाल मी आधी पाहिला असता, तर त्यावरून थेट करंगळीचा एस६२.६१६ए देता आला असता का? आणि चार आठवड्यांनी बाह्यरुग्ण विभागात हाडातल्या तारा काढल्या, तर त्याला ‘ए’ की ‘डी’?

मोजपट्टी
तारा काढणे ‘डी’. त्यासाठी ‘झेड’ने सुरू होणारा, स्थिरीकरण-साधन (तार, प्लेट वगैरे) काढण्याचा कोड शोधत बसू नका, फ्रॅक्चरच्या उपचारातील साधन असेल तर ते त्या कोडखालीच वगळलेले आहे आणि फ्रॅक्चरचाच कोड द्यायला सांगितले आहे.

अहवालाबाबत: उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी ‘बोटाचे फ्रॅक्चर’ एवढेच लिहिले असते, तर क्ष-किरणतज्ज्ञांच्या अहवालातून नेमकी जागा घेता आली असती. हात कोणता हेही डॉक्टरांनी लिहिले नसेल, तर उपचारांतील इतरांच्या नोंदींवरून घेता येते. पण इथे दोन कागद दोन वेगळी बोटे सांगू शकतात, आणि अशा वेळी कोणता कागद खरा, हे आपण ठरवायचे नसते. क्वेरी लिहिताना ‘करंगळी आहे ना?’ असे विचारू नका. टिपणातला शब्द जसाच्या तसा उतरवा, अहवालातला त्याखाली उतरवा, आणि अनामिका, करंगळी, अन्य, सांगता येत नाही असे पर्याय देऊन मोकळ्या व्हा. उत्तर येईपर्यंत चार्ट रोखून धरा.

रातराणी
क्वेरी आजच्या पाळीतच पाठवली. उत्तर आले: ‘करंगळी. फ्रॅक्चर सरकलेले नाही.’ म्हणजे माझे बोटही चुकले होते, आणि आता कोड एस६२.६४६ए झाला.