मगरी चांदोलीत सोडायच्या म्हणे!

नदीकाठचा: काल इथं एकानं लिहिलं, "सांगलीच्या मगरी धरून चांदोलीत सोडा, मगरप्रेमींनाही सोबत न्या." अहो, चांदोली धरणाचं पाणी वारणेतून हरिपूरला कृष्णेतच येतं! मगरीला रस्ता दाखवायला नको. ऑस्ट्रेलियात हेलिकॉप्टरनं लांब नेऊन सोडलेली मगर ४०० किलोमीटर पोहून घरी आली होती. मी आठ उन्हाळे काठाकाठानं फिरतोय. फेब्रुवारी-मार्चात मादी काठ उकरून पंचवीस-तीस अंडी घालते, पावसाच्या तोंडावर पिल्लं निघतात. तेवढे दिवस ती कुणाची नसते. आम्ही तिथं लाल फडकी बांधतो आणि बायकांना धुणं दुसऱ्या घाटावर न्यायला विनवतो. काम म्हणजे एवढंच.

ऊसकरी: फडकं बगून मगर थांबती व्हय? माझा चुलता रात्री अडीचला फुटवॉलातला, म्हंजे मोटरीच्या पाईपच्या नदीतल्या तोंडातला, गाळ काढाय उतरला. मांडीचा लचका गेला, अजून लंगडतोय. मगर वन्यजीव कायद्याच्या पहिल्या परिशिष्टात, तिला पुरं संरक्षण. आमचं परिशिष्ट कंचं?

विद्या_मिरज: चुलते रात्री अडीचला पाण्यात का होते, ते लिहा की.

ऊसकरी: का म्हंजे? लाईट रात्रीची! बारा वर्सं लिहून देतोय, शेतीला दिवसा लाईट द्या. सायेब म्हणतो, वेळापत्रक वरनं येतं.

वाळूविरोधी: लाईट राहू द्या, आधी वाळूचं बोला. काठ पोखरून नेलाय. मादीनं अंडी काय डांबरी रस्त्यावर घालायची?

ऊसकरी: वाळूचा धागा येगळा काढा. हितं लाईटीचं चाललंय.

नदीकाठचा: इथं मगरींचं चाललं होतं!

सोलरवाला: सोलर पंप बसवा, दिवसा पाणी पाजा. मी बसवलाय.

ऊसकरी: तुमचं रान अर्धा एकर. माझी पाईपलाईन दोन किलोमीटर, त्यात चढ. सोलरनं मोटर नुसती खोकती.

फोंडेकर: आमच्या गोव्यात बोरी-दुर्भाटकडे पौष अमावास्येला मातीची मगर थापून पूजा करतात. अंगावर शिंपले लावतात. भीती आम्हालाही आहे, पण हाकलून द्या असं कोणी म्हणत नाही.

ऊसकरी: तुमच्यात फुटवॉल न्हाय.

विद्या_मिरज: श्रीलंकेत नदीत कुंपण घालून आत आंघोळ करतात. किंबुल कोटुवा म्हणतात त्याला. आपल्या घाटांना का नाही?

वाळूविरोधी: पहिल्या पुरात बांबू कर्नाटकात.

नदीकाठचा: दर दिवाळीनंतर नवं घालू. बांध नाही का दरवर्षी घालत? आणि ऊसकरी, दिवसाच्या लाईटीसाठी मोर्चा काढा, मी पुढं राहतो. मगर दिवसा दिसते तरी. बहुतेक वेळ काठावर आ वासून ऊन खात पडलेली असते.

ऊसकरी: आता कसं बोललात! हेच आधी लिवलं असतं तर भांडलो नसतो. मगर हलवा ह्यावर मी ठाम हाय, पण कुंपणाला बांबू माझ्या बेटातलं न्या. बारा वाजून गेलं, लाईट आली. जातो मोटर चालू कराय.

विद्या_मिरज: बॅटरी घ्या. आणि पाण्यात उतरू नका.

ऊसकरी: गाळ अडकला तर तुमी येताय काय?