मदत हवी आहे: आजोबांच्या साड्यांवरची सांकेतिक अक्षरं

आजोबांचं सोलापुरात कापडाचं दुकान होतं. दुकान बंद होऊन बरीच वर्षं झाली. परवा माडीवरची ट्रंक उघडली तर विकायच्या राहिलेल्या पाच साड्या निघाल्या, घडीसुद्धा न मोडलेल्या. प्रत्येकीला दोऱ्याने बांधलेली पुठ्ठ्याची चिठ्ठी आणि त्यावर शाईने, बिनकाना-मात्रेची अक्षरं:

तप–प, ळज–तळ, तन–भ, ळव–कव, जस–वद

ही खरेदीची किंमत असणार, रेघेआधी रुपये आणि रेघेनंतर आणे किंवा पैसे. गिऱ्हाइकाला कळू नये म्हणून व्यापारी दहा अक्षरांचा एखादा शब्द धरतात, एकही अक्षर पुन्हा न येणारा, आणि १ पासून ० पर्यंतचे आकडे ओळीने त्याला लावतात. आजोबांचा शब्द घरात कुणालाच माहीत नाही, आणि मला तो मनापासून हवा आहे.

आधी कटपयादि, म्हणजे अक्षरांना आकडे देण्याची जुनी पद्धत, लावून पाहिलं. त्यात त म्हणजे ६, ळ म्हणजे ९. सोळा आण्यांच्या रुपयात ‘तळ’ बसेना. मग लक्षात आलं की शेवटच्या दोन चिठ्ठ्यांच्या कोपऱ्यात बारीक ‘न. पै.’ लिहिलंय. नवे पैसे १ एप्रिल १९५७ला आले, म्हणजे पहिल्या तीन चिठ्ठ्या आण्यांच्या. भाव चार, आठ, बारा आण्यांत धरले तर दोन अक्षरी ‘तळ’ म्हणजे १२. मग ‘कव’ ७५ आणि ‘वद’ ५० नीट बसतात. भ आणि प हे ४ आणि ८, पण कुठला कुठला? ज, न, स यांना ३, ६, ९ उरतात, त्यांचा क्रम लागत नाही.

त ळ _ _ व _ क _ _ द

कुणाला ओळखू येतंय का?

प्रतिसाद:
ताई, सोलापूरच्या म्हणून विचारतो, तुमचं कुलदैवत तुळजापूरची देवी का? काना-मात्रा देऊन ‘तुळजाभवानी कृपा सदा’ वाचून बघा. कृ म्हणजे क. बरोबर दहा अक्षरं होतात. भ ४, प ८.

धागाकर्ती:
जुळलं! अंगावर काटा आला. देवीच आमची. आजोबा दर कोजागरीला सोलापुराहून चालत तुळजापूरला जायचे, आणि हा शब्द मला सुचू नये! ‘जस–वद’ म्हणजे ३९ रुपये ५० नवे पैसे. ती जांभळी इरकल आहे, लाल टोपपदराची. ‘तन–भ’ १६ रुपये ४ आणे. बाकीच्या वहीत उतरवून घेते आणि आत्याला फोन करते. मनापासून आभार.