ज्येष्ठ धावपटूंवर माहितीपट : पळणं पडद्यावर मरगळलेलं का दिसतं?

मांडवीकाठ
72 वर्षांचे धावपटू काका आणि 66 वर्षांच्या गोळाफेकपटू बाई यांच्यावर 20 मिनिटांचा माहितीपट चालू आहे. सराव बांबोळीच्या मैदानावर आणि मिरामारच्या वाळूत. ट्रॅकच्या टोकाला ट्रायपॉड लावून 200 मिमी लेन्सने, सेकंदाला 100 फ्रेम्सवर, समोरून शूट केलं. काका प्रत्यक्षात सुसाट जातात, पडद्यावर मात्र जागच्या जागी पळताहेत असं वाटतं. मुलाखतीत चष्म्यावर चमक, मागचे दिवे फडफडतात, कॉलर माईकवर नुसती घासाघास. काय बदलू?

तिसरा_टेक
दोष काकांचा नाही, लेन्सचा. लांब लेन्सने समोरून घेतलं की अंतर चपटं होतं. माणूस दहा मीटर पुढे आला तरी फ्रेममध्ये जेमतेम मोठा होतो. कॅमेरा बाजूला न्या, शर्यतीच्या 30 ते 50 मीटरच्या टप्प्यात, गुडघ्याच्या उंचीवर, 35 मिमी लावून पॅन करा, म्हणजे कॅमेरा काकांबरोबर वळवत न्या. कॅमेरा आणि काका यांच्यामध्ये जाळी, खुर्च्या, हर्डल काहीतरी येऊ द्या. जवळच्या वस्तू सर्रकन मागे गेल्या की वेग कळतो. 25 फ्रेम्स, शटर 1/50. भर उन्हात आयएसओ 100, एफ 4 ठेवायचं तर पाच स्टॉपचा एनडी, म्हणजे प्रकाश 32 पट कमी करणारा फिल्टर, लागेल. तो नाही म्हणून शटर 1/1000 वर नेलंत, तर पाय तुकड्यातुकड्यांनी हलतात.

स्लो मोशन आवरा. 100 फ्रेम्स 25 वर चालवल्या की सगळं चौपट संथ होतं. गालाची, मांडीची कातडी थरथरते आणि बघणाऱ्याला कष्ट दिसत नाहीत, म्हातारपण दिसतं. पंजा जमिनीला टेकतो तेवढ्यापुरतं ठेवा. पूर्ण 100 मीटर एकदा तरी न कापता, खऱ्या वेगात दाखवा. भारताच्या भगवानी देवींनी 2022 मध्ये फिनलंडमधल्या टाम्परेला, वयाच्या 94व्या वर्षी, हे अंतर 24.74 सेकंदांत कापलं. असे सेकंद मोजत बघण्यातच गंमत आहे.

आणि रीटेक मागू नका! पूर्ण जोराच्या धावा दिवसाला दोन, मध्ये भरपूर विश्रांती. वॉर्मअप झाल्यावर ‘जरा लाइट बघतो’ म्हणत पंधरा मिनिटं उभं केलंत, तर अंग थंड पडतं आणि मांडीमागचा स्नायू धरतो. फ्रेम आधी दुसऱ्या कुणाला तरी उभं करून लावून ठेवा.

सेक्टरबाहेर
गोळ्याबद्दल. वर्तुळ 2.135 मीटर व्यासाचं. ग्लाइड पद्धत (पाठमोरं उभं राहून मागे सरकत फेकणं) असेल तर सुरुवातीला बाईंची पाठ सेक्टरकडे, म्हणजे गोळा पडायच्या पट्ट्याकडे असते; त्यामुळे वर्तुळाच्या मागे बसलेल्या कॅमेऱ्याला चेहरा आयता मिळतो. हनुवटीखाली दाबलेला गोळा, मानेची शीर, सगळं. समोरचा शॉट सेक्टरच्या रेषेबाहेरूनच. ‘कॅमेरा ठेवून मी बाजूला होतो’ हेही नको, तीन किलोचं लोखंड आहे ते.

60 ते 74 वयोगटात बायकांचा गोळा 3 किलोचा, खुल्या गटात 4 चा. हे पडद्यावर लिहा, नाहीतर लोक नुसते मीटर ताडून बघतात.

वाऱ्याची_दिशा
माईक बनियनला लावू नका. छातीच्या हाडावर मायक्रोपोर टेपने चिकटवा, वायरीला एक सैल वेटोळं द्या आणि तेही टेपखाली घ्या. घाम पुसल्याशिवाय टेप धरत नाही. मिरामारला वारा अडवायला माईकवर केसाळ टोपी हवीच, आणि रेकॉर्डिंगही दुपारी खारा वारा सुटायच्या आत. धाव संपली की रेकॉर्डिंग दोन मिनिटं चालू ठेवा. तो धापांचा आवाज स्टुडिओत बनवता येत नाही.

दिवे फडफडतात कारण आपली वीज 50 हर्ट्झची. शटर 1/50 किंवा 1/100 वर ठेवा. चष्म्यासाठी लाइट वर आणि बाजूला न्या, काड्या कानावर किंचित उचला. एसीतून काढलेल्या कॅमेऱ्याची बॅग बाहेर अर्धा तास बंदच राहू द्या, दमट हवेत लेन्सवर लगेच वाफ धरते.

मांडवीकाठ
देव बरें करूं सगळ्यांक. वय पडद्यावर लिहायला आधार कार्ड पुरेल?

सेक्टरबाहेर
जन्मदाखलाच मागा. फौजा सिंग 2011 मध्ये टोरांटोची मॅरेथॉन शंभराव्या वर्षी पुरी करून गेले, पण जन्मदाखला नव्हता म्हणून गिनेसने तो विक्रम नोंदवला नाही. काकांचा जन्म 1961 पूर्वी गोव्यातला असेल तर नोंद पोर्तुगीजमध्ये असणार; नावाचं स्पेलिंग आजच्या कागदांशी जुळतं का, ते एडिटच्या आधी बघून घ्या.